‘अद्याप उलगडलेले नाही’ असं छापलेल्या जुन्या पुस्तकांचं काय करायचं?

पेनटाकळी
मंडळी, मेहकर तालुक्यातल्या एका लहान गावात आमचं सार्वजनिक वाचनालय आहे. शासनाच्या यादीत ‘ड’ वर्ग, म्हणजे सगळ्यात खालचा, दोन खोल्या, चार लोखंडी कपाटं, पावसाळ्यात एका कपाटाखाली घमेलं. ग्रंथपाल मीच, झाडूवालाही मीच. यंदा संदर्भ विभागासाठी आठ हजार रुपये कसेबसे बाजूला निघाले आहेत आणि पोरांची एकच मागणी आहे : “त्या जाड्या पुस्तकासारखं अजून एक आणा.”

ते जाडं पुस्तक म्हणजे १९८०च्या दशकातला एक भाषांतरित ‘जगातील आश्चर्ये आणि गूढे’ छापाचा ग्रंथ. मुखपृष्ठ गेलं, पाठ दोनदा शिवली, उडत्या तबकडीचा फोटो कुणीतरी ब्लेडनं कापून नेला. संदर्भाचं पुस्तक म्हणून घरी द्यायचं नाही, तरी वर्षातून एकदा गायब होतं आणि आपोआप परत येतं.

आता अडचण. गेल्या महिन्यात मी ते पहिल्यापासून नीट वाचलं. दर चौथ्या पानावर ‘शास्त्रज्ञांना अद्याप उलगडा झालेला नाही’. डेथ व्हॅलीतले आपोआप सरकणारे दगड : उलगडा नाही. दिल्लीचा लोहस्तंभ का गंजत नाही : उलगडा नाही. यातलं बरंच कधीच उलगडलंय. आणि आमच्या शेजारच्या लोणारला अर्धं पान, त्यात सरोवराचं वय ५० हजार वर्षं!

तर प्रश्न दोन. या ग्रंथाचं निर्लेखन करून टाकू, म्हणजे नोंदवहीतून कायमचा काढू, की ठेवू? आणि आठ हजारात काय घेऊ?

वावरवाला
फेकू नका बाप्पा. आमच्या शाळेत असंच एक होतं, मी तं त्याच्यावरच वाचाले शिकलो. गुरुजींच्या बालभारतीत काय होतं, तं एक होता राजा. अन् याच्यात होतं, माणूस बसल्या जागी जळून खाक. सांगा, पोट्टं काय वाचीन?

जुनीपोथी
मी वाशीम जिल्ह्यात एका वाचनालयात सत्तावीस वर्षं काढली, म्हणून स्पष्टच बोलतो. निर्लेखन करा. कालबाह्य कायद्याचं पुस्तक आपण कपाटातून काढतो ना? मग कालबाह्य विज्ञान का ठेवायचं?

बर्म्युडा त्रिकोणाचंच बघा. १९४५च्या ५ डिसेंबरला अमेरिकी नौदलाची पाच विमानं चौदा माणसांसह नाहीशी झाली, हे खरं. या पुस्तकांत पुढे लिहिलेलं असतं, की समुद्र शांत होता, आकाश निरभ्र होतं. लॉरेन्स कुशे नावाच्या माणसानं एकेका घटनेच्या तारखेची जुनी वर्तमानपत्रं आणि हवामानाच्या नोंदी काढून पाहिल्या. काही जहाजं वादळात बुडाली होती, काही त्या त्रिकोणाच्या बाहेर भलतीकडेच. हे त्यानं छापलं १९७५ साली. पेनटाकळी, तुमचा ग्रंथ त्यानंतरचा आहे. म्हणजे ‘अद्याप’ हा शब्द छापला त्या दिवशीच खोटा होता.

आणि हा कुशे होता कोण? ॲरिझोनातल्या एका विद्यापीठाचा संदर्भ ग्रंथपाल. आपल्याच जातीचा माणूस हो!

पेनटाकळी
@जुनीपोथी काका, हे ठाऊक नव्हतं. उद्यापासून छाती काढून चालतो. पण पुस्तक फेकवत नाही अजून.

रानमोगरा
माझं माहेर वरोऱ्याकडचं. माझी तक्रार निराळीच आहे. असल्या पुस्तकांत पेरू, इजिप्त, स्कॉटलंड सगळं असतं, आपल्याकडचं काहीच नसतं.

वरोरा तालुक्यात पिसदुरा नावाचं गाव आहे. तिथल्या शेतांत डायनासोरची हाडं सापडतात आणि हाडांपेक्षा जास्त सापडते त्यांची विष्ठा, दगड झालेली. लहानपणी आम्हाला कुणी सांगितलं नाही. २००५ साली वंदना प्रसाद, कॅरोलिन स्ट्रॉमबर्ग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्या विष्ठेचे तुकडे तपासले, तर त्यात गवताचे सूक्ष्म वाळूसारखे कण निघाले. गवताच्या पानात सिलिका असते, पात्यानं बोट कापतं ते त्यामुळेच. ते कण कुजत नाहीत, तसेच राहतात. तोपर्यंत समज असा, की डायनासोर संपले आणि मग पृथ्वीवर गवत पसरलं. पिसदुऱ्याच्या शेणानं तो मोडला. भाताच्या कुळाजवळचंही गवत त्यात सापडलं.

जगभरच्या विज्ञानाच्या पुस्तकांना दुरुस्ती करायला लावणारं शेण आपल्या वावरात पडलेलं, आणि आमची मुलं लॉक नेसच्या राक्षसाचं चित्र काढतात!

वावरवाला
डायनासोरचं शेण! अन् मायनं गोवऱ्या थापल्या असत्या तं एक गोवरी एका खोलीएवढी.

बोंडअळी
एका गोवरीवर गावजेवण.

शून्यगुरुत्व
सगळ्यांचा आदर राखून लिहितो. इथे एकूण सूर असा दिसतो, की विज्ञानाला सगळं कळलं. परग्रहवासी पूर्वी पृथ्वीवर येऊन गेले असं लिहिणारा एरिक फॉन डेनिकेन मी कॉलेजात वाचला आणि झोप उडाली होती. पेरूच्या वाळवंटातल्या नाझकाच्या प्रचंड रेघा वरूनच नीट का दिसतात? लोणारला होकायंत्राची सुई का भरकटते? परवापर्यंत निळंहिरवं असलेलं पाणी एका रात्रीत गुलाबी कसं होतं? ‘उलगडलं’ म्हणून शिक्का मारून टाकला की पोरांचं कुतूहलच संपेल. त्यापेक्षा अर्धवट माहिती परवडली.

खारपाणी
@शून्यगुरुत्व दादा, मी लोणारचा. विवरात उतरायची पायवाट मला डोळे मिटून चालता येते, म्हणून एकेक घेतो.

सुई. बेसाल्ट खडकात लोहाचं चुंबकी खनिज असतंच. सुई खडकाला अगदी चिकटवून धरली तर हलते. तुमच्या गावच्या खदानीतही कुठे कुठे हलेल. मोठ्या मारुतीच्या मूर्तीबद्दलही तेच सांगतात, पर्यटकांना आवडतं. मीही सांगतो, खोटं कशाला बोलू.

गुलाबी पाणी. जून २०२०. एका रात्रीत झालं म्हणतात, पण टाळेबंदीत खाली उतरत कोण होतं? उन्हाळ्यानं पाणी आटलं, खारटपणा वाढला आणि खाऱ्या पाण्यातच वाढणारे हॅलोआर्किया नावाचे सूक्ष्मजीव फोफावले. त्यांच्या अंगातच गुलाबी रंगद्रव्य. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेनं पाणी तपासलं. नमुना स्थिर ठेवला तर जीव खाली बसले आणि वरचं पाणी नितळ झालं. म्हणजे रंग पाण्याचा नव्हताच. पाऊस पडला तसा सरोवराचाही रंग ओसरला.

आता वय, कारण मूळ प्रश्नात ते आहे. ५० हजार वर्षं हा आकडा हवेतून आलेला नव्हता. काच तापवून तिच्यातून निघणारा प्रकाश मोजायची एक पद्धत आहे, तिच्यातून तो आला होता. पुढे २०११ मध्ये आरगॉनच्या समस्थानिकांवरून मोजलं, तर वय साधारण ५ लाख ७० हजार वर्षं निघालं. दहापटीहून जास्त! आणि विवर ज्वालामुखीचं नसून उल्केच्या आघाताचं, हे पक्कं व्हायलाही १९७३ उजाडलं. प्रचंड धक्क्यानंच तयार होणारी मॅस्केलिनाइट ही काच इथल्या खडकात सापडली तेव्हा. त्याआधी कितीतरी पुस्तकांत ते ज्वालामुखीचंच होतं.

आणि त्याही आधी? लवणासुर पृथ्वीच्या पोटात दडून बसला होता, विष्णूनं दैत्यसूदन होऊन वरचं झाकण उडवलं. माझी आजी अजून हेच सांगते. खरं सांगू, ‘वरून काहीतरी जोरात आदळलं’ हा मुद्दा आजीनं भूशास्त्रज्ञांच्या आधी पकडला होता.

शून्यगुरुत्व
आजीवाला मुद्दा मान्य. बाकीचं रात्री शांतपणे वाचतो.

गुंजेवाहीचा मास्तर
कुतूहल संपतं म्हणता जी, माझा अनुभव उलटा आहे. मी सिंदेवाही तालुक्यात शिकवतो. २ एप्रिल २०२२, गुढीपाडवा. संध्याकाळी अंधार पडल्यावर आकाशातून आगीचे गोळे रांगेनं गेले. अर्ध्या विदर्भानं पाहिले. कुणी विमान पडलं म्हणे, कुणी मिसाईल. आणि आमच्याच तालुक्यात लाडबोरीला सुमारे ३ मीटर व्यासाची लोखंडी दिसणारी रिंग येऊन पडली. आसपासच्या गावांत धातूचे गोलही मिळाले.

दुसऱ्या दिवशी वर्गात चाळीस पोरांचे चाळीस सिद्धांत. मी काही सांगितलं नाही, नुसतं फळ्यावर लिहीत गेलो. परग्रहावरून, पाकिस्तानातून, देवीचं कडं, बोअरवेलचा पाईप. मग बातम्या आल्या, की चीनच्या चांग झेंग ३बी रॉकेटचा टप्पा वातावरणात परत शिरताना त्याचे तुकडे झाले असावेत, वेळ आणि मार्ग जुळतो. झालं, आता पोरं गप्प बसतील असं वाटलं. छे! रॉकेटचा टप्पा वर राहतोच कसा, वर्षभरानं खाली का येतो, आमच्याच डोक्यावर का, डोक्यात पडला तर भरपाई कोण देणार. त्या एका कड्यावर मी दीड महिना विज्ञान शिकवलं. परग्रहवाले म्हणून सोडून दिलं असतं तर दोन दिवसांत संपलं असतं जी.

संत्रानगरी
आमच्या काटोललाही २२ मे २०१२ ला भर दुपारी धडाधड आवाज झाले, उल्केचे तुकडे पडले. त्यानंतर वर्षभर आमच्याकडे प्रत्येक काळा दगड ‘वरचा’. लोणच्याच्या बरणीवर ठेवलेला दगडही आजोबांनी काढून तिजोरीत टाकला.

गंमत म्हणजे खरे तुकडे खरंच तिजोरीत ठेवण्यासारखे निघाले. २०२१ साली एक शोधनिबंध आला, काटोलच्या उल्केत ब्रिजमनाइट सापडलं. हे खनिज पृथ्वीच्या पोटात ६६० किलोमीटरच्या खाली ठासून भरलंय, पण तिथवर कोण जाणार? अवकाशात दोन दगड आपटले, त्या दाबानं ते तयार झालं आणि येऊन पडलं आमच्या बगिच्यांकडे.

बोंडअळी
पश्चिम विदर्भावर एवढा अन्याय? तिकडे उल्का, रॉकेट, डायनासोर. आमच्या यवतमाळात वरून काय पडते, तं गारपीट. तेही हरभरा सोंगणीच्या टायमाले.

तुळसाबाईचा नातू
वरून पडण्यावरून आठवलं. २१ सप्टेंबर १९९५, गणपती दूध प्यायले तो दिवस. मी सातवीत. आमच्या गावात दुपारपर्यंत चहाला दूध उरलं नाही, मग लोकांनी डेअरीचे कॅन अडवले. मीही रांगेत. चमचा सोंडेला टेकवला आणि दूध खरंच ओढलं गेलं! अंगावर काटा आला होता, आजही आठवतो.

आमच्या एका सरांनी संध्याकाळी दुधात चिमूटभर कुंकू टाकलं. सोंडेखालून पोटावरून पायापर्यंत लाल ओघळ स्पष्ट दिसला. दिल्लीच्या शास्त्रज्ञांनीही रंगीत दूधच वापरलं होतं, ते नंतर वाचलं. पृष्ठताणामुळे चमच्यातलं दूध मूर्तीवर ओढलं जातं आणि पातळ थरानं खाली उतरतं. पांढऱ्या संगमरवरावर ते दिसत नाही. पण माझ्या आजीनं सरांना जे सुनावलं ते इथे लिहिता येणार नाही. तिचा मुद्दा दुधाचा नव्हताच, “कुंकू काहून सांडलं” हा होता.

व्यवस्थापक
धागा पुस्तकांचा आहे याची आठवण. दूध पिऊन झालं असेल तर पुढे चला.

वावरवाला
साहेब, पुस्तकाचंच सांगतो. त्या जाड्या पुस्तकात चकवा आहे का हो? नसन तं थे पुस्तक अर्धवट आहे.

तीन वर्षांमागची गोठ. पौषातली रात, मी जागलीले चाललो होतो. रानडुकरं तूर खाऊन राह्यले होते. धुकं असं का हात लांबवला तं बोटं दिसत नाई. वावर माहं, धुरा माहा, चाळीस वर्षं झाले त्याच वाटीनं जाऊन राह्यलो. चाललो, चाललो, अन् बाभळीपाशी आलो. म्हटलं ठीक. अजून चाललो, तं पुन्हा बाभूळ. मले वाटलं दुसरी असन. तिसऱ्यांदा आलो तं खोडाले माहाच गमछा बांधून होता, पहिल्या खेपीले इसरलो थो! थंडीत घाम फुटला ना भाऊ.

माह्या आज्यानं सांगून ठेवलं होतं, चकवा लागला तं चालू नको, खाली बस, तंबाखू मळ, उजाडू दे. बसलो. थोडं फटफटलं तं माची वीस पावलावर.

आता सांगा उलगडून.

जुनीपोथी
उलगडलंय, वावरवाले भाऊ! २००९ मध्ये जर्मनीतल्या यान सोमन आणि सहकाऱ्यांनी माणसांना जीपीएस लावून जंगलात आणि सहाराच्या वाळवंटात सरळ चालायला सांगितलं. सूर्य किंवा चंद्र दिसत होता तोवर माणसं बऱ्यापैकी सरळ गेली. ढग आले, चंद्र मावळला, की वळू लागली आणि गोल फिरून आपल्याच पावलांवर आली, तेही न कळता. डोळे बांधले तर वर्तुळ इतकं लहान, की वीसेक मीटरचं. एक पाय आखूड म्हणून माणूस एकाच बाजूला वळतो हा समजही टिकला नाही, कारण तीच माणसं कधी डावीकडे वळली, कधी उजवीकडे. बाहेरची खूण गेली की ‘सरळ’ म्हणजे काय याचा मेंदूतला अंदाज हळूहळू घसरत जातो.

वावरवाला
म्हंजे आज्याचा उपाय बरोबर होता?

जुनीपोथी
शंभर टक्के. खूण दिसेपर्यंत थांबणं हाच उपाय. तंबाखूबद्दल मात्र निबंधात काही नाही.

नदीकाठ
मी नुसती वाचत होते, पण एक राहवत नाही. इथे सगळे एका प्रकारच्या पुस्तकाला झोडताय, पण ‘विचित्र गोष्टींची नोंद’ करणारे सगळे सारखे नसतात. अमेरिकेत विल्यम कॉर्लिस नावाचे भौतिकशास्त्रज्ञ होते. १९७४ पासून त्यांनी जुन्या विज्ञान नियतकालिकांतून न समजलेल्या निरीक्षणांची कात्रणं जमवून विषयवार ग्रंथ काढले. चेंडूसारखी वीज, विचित्र प्रभामंडळं, कसले कसले आवाज. प्रत्येक नोंदीला मूळ अंक आणि साल. त्यांच्या आधी चार्ल्स फोर्टनंही बेडूक-माशांच्या पावसाच्या बातम्या अशाच जमवल्या होत्या, पण त्याला शास्त्रज्ञांची टर उडवण्यात रस जास्त. कॉर्लिसना नोंदीत.

पेनटाकळी यांचा ग्रंथ वाईट आहे तो गूढं सांगतो म्हणून नाही. कुणी पाहिलं, कधी पाहिलं, कुठे छापलं हे सांगत नाही म्हणून. चेंडूविजेवर कित्येकांचा विश्वास नव्हता, आणि २०१२ मध्ये चीनमध्ये साध्या विजांचा अभ्यास चालू असताना ती उपकरणांत अवचित टिपली गेली. जमिनीतली सिलिकॉन, लोह, कॅल्शियम ही मूलद्रव्यं तिच्या प्रकाशात दिसली. जुनी ‘मी पाहिलं’वाली पत्रं फेकून दिली असती तर कुणी तिकडे लक्ष दिलं असतं का? म्हणून माझं मत निर्लेखनाच्या विरुद्ध. काका, क्षमा करा.

जुनीपोथी
क्षमा कसली ताई. पण मग त्यात चुकलेल्या पानांवर दुरुस्तीच्या पट्ट्या लावा. दुरुस्तीपत्र नाही तर पुस्तकही नाही, यावर मी ठाम आहे.

पेनटाकळी
पट्ट्या! हे जमेल. पोरांकडूनच लिहून घेतो. डेथ व्हॅलीची पट्टी माझ्याकडून : दगडांना जीपीएस बसवून रिचर्ड आणि जेम्स नॉरिस या चुलत भावांनी वाट पाहिली, डिसेंबर २०१३ मध्ये डोळ्यांसमोर दगड सरकले. उथळ पाण्यावर रात्री काचेसारखा पातळ बर्फ, उन्हानं त्याचे तुकडे, हलक्या वाऱ्यानं ते तुकडे दगडांना ढकलतात. लोहस्तंभाचं कुणी घेतं का?

खारपाणी
घ्या : लोखंडात फॉस्फरस जास्त, त्यामुळे पृष्ठभागावर फॉस्फेटचा संरक्षक थर. कानपूर आयआयटीच्या आर. बालसुब्रमण्यम यांचं काम. जमिनीखालचा भाग मात्र गंजलाय, तेही लिहा. लोणारच्या पट्टीत कृपया दोन्ही वयं ठेवा आणि कोणतं कोणत्या पद्धतीनं आलं तेही.

गुंजेवाहीचा मास्तर
आणि खरेदीचं राहिलंच की जी. आठ हजारातले निम्मे तरी चित्रांच्या चांगल्या विज्ञानकोशावर घाला, नवी आवृत्ती पाहून. मराठी विश्वकोशावर मात्र एक रुपया घालू नका, सगळे खंड फुकट ऑनलाइन आहेत. पहिला खंड १९७६चा, म्हणजे जुन्या नोंदींना पट्ट्या तिथेही लागतील, पण लिहिणाऱ्यांनी जबाबदारीनं लिहिलंय. उरलेल्या पैशात एक बरं होकायंत्र आणि भिंगं घ्या.

शून्यगुरुत्व
डेनिकेन एक प्रत ठेवाल का? माझ्याकडची देतो. पट्टी तुम्ही म्हणाल ती.

पेनटाकळी
पाठवा दादा. पट्टी तुम्हीच लिहायची.

पेनटाकळी
(पाच आठवड्यांनी) हिशेब देतो. एक विज्ञानकोश, सहा भिंगं, एक होकायंत्र. जुन्या ग्रंथात एकतीस पट्ट्या लागल्या आणि पुस्तक आता मिटत नाही, वर वीट ठेवावी लागते. मागे कोऱ्या पानांची एक वही शिवली, ‘आपल्याकडचं’ नावाची. पिसदुरा, लाडबोरी, काटोल, लोणार झाले. चकव्याची नोंद सातवीतल्या मुलीनं लिहिली आहे : ‘कुणी पाहिले : एक शेतकरी. कधी : पौष, रात्री. उपाय : बसून राहणे.’

होकायंत्र मात्र मंगळवारपासून दिसत नाही.

वावरवाला
तंबाखू काहून नाई लिवली?

पेनटाकळी
शाळेची पोरं आहेत भाऊ.

नवाप्रवासी२२
छान धागा. पूर्ण वाचला नाही. पुस्तकाची पीडीएफ मिळेल का?